उभ्या अक्षावरचं उत्तर

दहावी होऊन आलेल्या मुलांसमोर वर्गराशी ठेवली की हात आपोआप एकाच कामाला लागतात. शून्याबरोबर मांडा, अवयव पाडा, क्षच्या दोन किमती काढा, खाली दुहेरी रेघ मारा. वर्षभर त्यांनी तेवढंच केलेलं असतं आणि ते चांगलं केलेलं असतं. अकरावीत प्रश्न पहिल्यांदा दुसऱ्या बाजूने येतो. क्ष हवा तो घ्या, वाटेल तेवढे घ्या. आता सांगा, य कोणकोणत्या किमती घेऊ शकतो? त्या सगळ्या किमतींचा संच म्हणजे फलाचा विस्तार. वर्गात सगळे रेंजच म्हणतात.

कुऱ्ह्याकडून येणारी एक मुलगी वही पुढे करून म्हणाली, "सर, एक्स तं भेटला. आता अजून काय पाह्यजे?" तिचा प्रश्न रास्त आहे. इतके दिवस उत्तर आडव्या अक्षावर मिळत होतं. आता ते उभ्या अक्षावर शोधायचं आहे, आणि तिकडे बघायची डोळ्यांना सवय नाही. माझ्या मते या धड्यातली खरी अडचण एवढीच आहे. बाकी सगळं मुलांना येत असतं.

❖

सूत्र मी उशिरा सांगतो. आधी फूटपट्टी.

य = क्ष² − ४क्ष + १ याचा आलेख कागदावर काढून घ्यायचा. पट्टी आडवी धरायची, आडव्या अक्षाला समांतर, कागदाच्या अगदी तळाशी. मग सावकाश वर सरकवायची. −६ ला वक्र कुठेच शिवत नाही. −५ ला नाही, −४ ला नाही. −३ वर पट्टी आली की वक्राचं टोक तिला नेमकं टेकतं, क्ष = २ पाशी. त्याच्या वर कुठेही पट्टी धरा, ती वक्राला दोन ठिकाणी कापते. एका ठिकाणी शिवली काय नि दोन ठिकाणी शिवली काय, विस्ताराच्या दृष्टीने सारखंच. शिवली याला महत्त्व. म्हणून विस्तार: य ≥ −३.

हे हाताने एकदा तरी करायला हवं. पट्टी सरकत असताना मुलांची नजर आपोआप डावीकडच्या उभ्या आकड्यांवर जाते. फळ्यावर कितीही समजावून सांगितलं तरी तशी जात नाही.

❖

श्रावणातला पाऊस. वरच्या अंगाला, मोर्शीजवळ सिंभोऱ्याला, ऊर्ध्व वर्धा धरणाची दारं उघडली की आमच्या कौंडण्यपूरच्या घाटावर पाणी चढतं. ओसरल्यावर दगडांवर गाळाची रेघ राहते. नदी कुठपर्यंत आली होती ते ती रेघ सांगते. कोणत्या रात्री आली, किती वेळ थांबली, दोनदा आली की एकदाच, यातलं काहीही सांगत नाही. विस्तार असाच असतो. कोणत्या क्षला कोणती उंची मिळाली ही माहिती गळून जाते आणि फक्त उंच्या उरतात. मुलांना घाटावर नेऊन दाखवता आलं तर वर्गातला अर्धा तास वाचतो, आणि रुक्मिणीच्या या माहेरगावात शिकणाऱ्या मुलांना घाट काही लांब नाही.

❖

सर्वांत जास्त चुका कागदाच्या कडेमुळे होतात. आलेख कागद वर ६ पर्यंतच आहे, म्हणून वक्रही ६ वर थांबतो असं धरून मुलं लिहितात: −३ ते ६. वक्र थांबलेला नाही. आपला कागद संपला आहे. वक्राच्या दोन्ही हातांच्या टोकांना बाण काढायचे ते याचसाठी, आणि बाण विसरणाऱ्याला मी पुन्हा काढायला लावतो.

मोबाईलवर जिओजेब्रा उघडून तोच आलेख बघितला की कड आणखी फसवते. दोन बोटांनी चित्र जवळ घेतलं तर तळाचा भाग सरळ रेषेसारखा दिसतो. लांब नेलं तर तो सुईच्या टोकाइतका निमुळता होतो आणि शिरोबिंदूची उंची वाचताच येत नाही. चित्र आपल्या खिडकीप्रमाणे बदलत राहतं, विस्तार तोच राहतो. त्यामुळे आलेख बघून विस्तार सांगताना दोनच गोष्टी विचारायच्या: वळण कोणत्या उंचीवर आहे, आणि हात वर जातात की खाली.

❖

दुसरी ठरलेली चूक कोष्टकातून येते. य = क्ष² − ३क्ष + १. मुलं क्षला ०, १, २, ३ देतात आणि यच्या किमती १, −१, −१, १ येतात. चार बिंदू मांडले, मधले दोन पट्टीने जोडले, तळ सपाट झाला. विस्तार लिहिला: य ≥ −१.

वर्गराशीच्या आलेखाला सपाट तळ नसतो. १ आणि २ ला उंची सारखी आली याचा अर्थ वळण त्यांच्या बरोबर मध्ये आहे, दीडवर. दीड घालून बघा: २.२५ − ४.५ + १ = −१.२५. विस्तार य ≥ −१.२५. पाव एककाचा फरक, पण उत्तर चूक ते चूकच. −१.२ ही किंमत वक्राला मिळते, आणि आपण ती मिळत नाही असं सांगून बसतो.

यातून एक फार उपयोगी गोष्ट हाती लागते. सारख्या उंचीचे कुठलेही दोन बिंदू सापडले की त्यांच्या मध्यावर सममितीचा अक्ष. मुळं सापडली असतील तर तीही अशीच दोन बिंदूंची जोडी, दोघांची उंची शून्य. म्हणजे दहावीत शिकलेली मुळं वाया जात नाहीत. त्यांची सरासरी घ्या, राशीत घाला, वळणाची उंची मिळते. आणि मुळं नसतील, आलेख आडव्या अक्षाला शिवतच नसेल, तर दुसऱ्या कुठल्याही उंचीवरची जोडी चालते.

❖

भास्कराचार्यांबद्दल थोडं सविस्तर लिहून ठेवतो, कारण या धड्यात त्यांचं नाव घेतलं जात नाही आणि ते घ्यायला हवं.

जन्म १११४ चा. सिद्धांतशिरोमणी ११५० चा, म्हणजे वय छत्तीस. चाळीसगावजवळच्या पाटणच्या देवळात त्यांचे नातू चांगदेव यांच्या मठाचा शिलालेख आहे. भाऊ दाजी लाड यांनी एकोणिसाव्या शतकात तो उजेडात आणला. आमच्या गावाहून वऱ्हाड ओलांडून खानदेशात उतरलं की पाटण. इतक्या जवळचा हा माणूस.

त्यांच्या बीजगणितात मध्यमाहरण नावाचं प्रकरण आहे. वर्गसमीकरणातलं मधलं पद, म्हणजे क्षचं एकेरी पद, नाहीसं करण्याची रीत. ती रीत ते आपली म्हणून सांगत नाहीत, आपल्या आधीच्या श्रीधराचार्यांचं नाव घेऊन देतात. श्रीधरांचा बीजगणितावरचा ग्रंथ आज मिळत नाही. त्यांचा हा नियम भास्कराचार्यांनी उद्धृत केला म्हणून आपल्यापर्यंत आला. नियम असा: दोन्ही बाजूंना वर्गाच्या सहगुणकाच्या चौपटीने गुणा, आणि दोन्ही बाजूंत मधल्या पदाच्या सहगुणकाचा वर्ग मिळवा. डावीकडे पूर्ण वर्ग तयार होतो.

आता तोच नियम शून्याऐवजी यला लावून बघू. समजा

अ·क्ष² + ब·क्ष + क = य

चार अ ने गुणलं, ब² मिळवला:

(२अ·क्ष + ब)² = ४अ·य + (ब² − ४अ·क)

उजवीकडच्या कंसातला भाग म्हणजे दहावीतला विवेचक. डावी बाजू वर्ग आहे. आणि भास्कराचार्यांनी बीजगणितातच स्पष्ट सांगितलं आहे की ऋण संख्येला वर्गमूळ नसतं, कारण ऋण संख्या कुणाचा वर्गच नसते. म्हणून उजवी बाजू ऋण होऊ शकत नाही. अ धन असेल तर य ≥ −विवेचक ÷ ४अ. अ ऋण असेल तर भागताना चिन्ह उलटतं आणि य ≤ −विवेचक ÷ ४अ.

विस्तार पूर्ण सापडला. एकही बिंदू मांडावा लागला नाही.

भास्कराचार्यांपुढे आलेख नव्हता. समीकरणाचा वक्र आणि वक्राचं समीकरण ही जोडणी देकार्तच्या १६३७ च्या भूमितीतून पुढे आली. पण विस्ताराला लागणाऱ्या दोन्ही गोष्टी, पूर्ण वर्ग करण्याची रीत आणि वर्ग ऋण नसतो हे वाक्य, भास्कराचार्यांच्या एकाच ग्रंथात आहेत. मुलांना सूत्र पाठ करायला देण्याआधी मी ही पूर्ण वर्गाची ओळ फळ्यावर दोनदा लिहितो. एकदा संख्या घेऊन, एकदा अक्षरं घेऊन.

❖

भास्कराचार्यांच्याच लीलावतीतल्या भुंग्यांचं गणित वर्गात घेतलं. थव्याच्या निम्म्याचं वर्गमूळ मालतीच्या फुलांकडे गेलं, थव्याचे आठ नवमांश त्यामागून गेले, एक भुंगा कमळात अडकला आणि त्याच्यासाठी गुणगुणणारी भुंगी बाहेर राहिली. थवा २क्ष² धरला की समीकरण येतं २क्ष² − ९क्ष − १८ = ०. विवेचक ८१ + १४४ = २२५, त्याचं मूळ १५. क्ष = ६ किंवा −१.५. भुंगे ७२.

इथपर्यंत सगळ्यांनी केलं. मग मी सांगितलं, शून्य पुसा आणि य लिहा, रेंज काढा. मुळांची सरासरी २.२५. तिथली उंची −२२५ ÷ ८ = −२८.१२५. विस्तार य ≥ −२८.१२५.

मागच्या बाकावरून आवाज आला: "सर, भुंगे सव्वादोन कसे होतीन?" मला हा प्रश्न हवाच होता. भुंग्यांच्या कथेत क्ष ही धन पूर्ण संख्या हवी. तेवढेच क्ष घेतले तर वक्र उरत नाही, सुटे बिंदू उरतात, आणि सगळ्यांत खालचा बिंदू क्ष = २ ला −२८ वर येतो. राशी तीच, पण क्ष कुठून घ्यायचा हे बदललं की विस्तार बदलतो. क्ष जिथून घ्यायचा तो प्रांत सांगितल्याशिवाय विस्तार विचारणं अर्धवट आहे. परीक्षेत प्रांत दिलेला नसेल तर सगळ्या वास्तव संख्या धरायच्या, एवढा संकेत आहे म्हणून काम चालतं.

❖

वर्धेच्या काठच्या शेताचं उदाहरण. रानडुकरांचा त्रास इथे सगळ्यांना आहे. तूर, हरभरा, भुईमूग, काही सोडत नाहीत. तारेचं कुंपण करायचं आहे, तार २०० मीटर. नदीकडची बाजू दरडीमुळे मोकळी सोडता येते असं धरू. मग तीनच बाजूंना तार. नदीपासून आत येणाऱ्या दोन बाजू क्ष मीटर प्रत्येकी, समोरची बाजू २०० − २क्ष.

क्षेत्रफळ य = क्ष(२०० − २क्ष).

आलेख उताणा नाही, पालथा. क्ष = ० आणि क्ष = १०० ला शून्य, मध्यावर ५० ला शिखर, उंची ५० × १०० = ५०००. क्ष हा ० आणि १०० च्या मध्येच असला पाहिजे, आणि टोकं चालणार नाहीत, कारण तिथे शेतच उरत नाही. म्हणून विस्तार: ० पेक्षा जास्त, ५००० पर्यंत, ५००० धरून. पाच हजार चौरस मीटर म्हणजे अर्धा हेक्टर, सव्वा एकराच्या किंचित आत.

या उदाहरणात शेतकऱ्याला क्षसुद्धा हवा, कारण खुंट कुठे रोवायचे ते क्ष सांगतो. पण "एवढ्या तारेत दीड एकर बसंल का?" हा पहिला प्रश्न विस्ताराचाच असतो. चौकोनी आखणीत नाही बसत. दीड एकर म्हणजे सहा हजारांहून जास्त चौरस मीटर. एवढं आधी कळलं की पुढचा खटाटोप वाचतो.

❖

टोकांचा फसवा प्रकार.

य = क्ष² − ४क्ष + १, क्ष ० ते ३. पुष्कळ मुलं दोन टोकं घालतात: ० ला १, ३ ला −२. उत्तर लिहितात −२ ते १. वळण क्ष = २ ला आहे, ते ० ते ३ च्या आत येतं, आणि तिथे उंची −३. बरोबर विस्तार −३ ते १. तीच राशी क्ष ३ ते ५ मध्ये घेतली तर वळण बाहेर राहतं, मग मात्र टोकंच पुरतात: −२ ते ६.

म्हणून आधी वळण शोधायचं, ते दिलेल्या भागात येतं का ते बघायचं, मग टोकं. हा क्रम मोडायचा नाही.

❖

पोकळ वर्तुळ आणि भरीव वर्तुळ. आलेखाच्या टोकाला पोकळ ठिपका असेल तर ती उंची घ्यायची नाही. य = क्ष², क्ष −१ आणि २ च्या मध्ये, दोन्ही टोकं वगळून. विस्तार ० पासून ४ पर्यंत. ० धरून, ४ सोडून. १ चं काय? डाव्या टोकाला क्ष = −१ पोकळ आहे, म्हणून मुलं १ काढून टाकतात. पण उजवीकडे क्ष = १ ला तीच उंची मिळते आहे. एका बाजूने गेलेली उंची दुसऱ्या बाजूने परत आली. इथे पट्टी पुन्हा हातात घ्यावी: १ वर आडवी धरली तर वक्राला शिवते की नाही?

❖

कार्तिकात इथे यात्रा भरते, दहीहंडी होते. त्या दिवसांत पोरं सगळी उंचीचीच भाषा बोलतात, तेव्हा चेंडूचं गणित घ्यायला ती वेळ चांगली. सेकंदाला १५ मीटर वेगाने चेंडू सरळ वर फेकला, हवेचा अडथळा सोडला, गुरुत्वाचा आकडा १० धरला, तर क्ष सेकंदांनी उंची

य = १५क्ष − ५क्ष² मीटर.

० ला हातात, ३ सेकंदांनी पुन्हा हातात. मध्य दीड सेकंद, शिखर ११.२५ मीटर. विस्तार ० ते ११.२५.

आता विचारायचं: १० मीटरवरच्या हंडीला लागेल का? १० बरोबर मांडलं की क्ष² − ३क्ष + २ = ०, म्हणजे १ सेकंदाला जाताना आणि २ सेकंदांना येताना. १२ मीटरवरच्या हंडीला? क्ष² − ३क्ष + २.४ = ०, विवेचक ९ − ९.६, ऋण. मुळं नाहीत. दहावीत "वास्तव मुळं नाहीत" असं लिहून मुलं पुढच्या उदाहरणाकडे जातात. इथे त्या वाक्याचा अर्थ डोळ्यांना दिसतो: १२ ही उंची विस्ताराच्या बाहेर आहे, चेंडू तिथे जातच नाही. विवेचक आणि विस्तार हे दोन वेगळे धडे नाहीत हे मुलांना मी या उदाहरणानेच पटवून देऊ शकलो आहे.

चेंडू फेकणाऱ्याने जरा पुढे फेकला तर हवेतली त्याची वाटच पॅराबोला असते, म्हणजे वर्गराशीच्या आलेखाचा वक्र. गॅलिलिओने १६३८ च्या पुस्तकात ते सिद्ध केलं. सरळ वर फेकलेल्या चेंडूची वाट मात्र उभी रेघ असते, आणि पॅराबोला दिसतो तो फक्त वेळ–उंचीच्या आलेखात. हा घोटाळा मुलांच्या डोक्यात पक्का बसलेला असतो. चित्रातला आडवा अक्ष जमीन आहे की घड्याळ, हे दर वेळी विचारायचं.

❖

कुऱ्ह्याच्या त्या मुलीने आज स्वतःहून विचारलं, दोन वेगळ्या राशींची रेंज एकच असू शकते का? मी उत्तर दिलं नाही. य ≥ −३ हा विस्तार येईल अशा राशी तूच लिहून आण म्हणालो.

तिने (क्ष − २)² − ३ ने सुरुवात केली, ती तर आमची जुनीच. मग (क्ष + ७)² − ३. आलेख डावीकडे सरकला, उंच्या तशाच. मग क्ष² − ३. मग तिला वाटलं की वर्गाच्या पुढे काही लावलं तर? ५(क्ष + १)² − ३. वक्र अरुंद झाला, तळ तिथेच. −५ लावून बघितलं तेव्हा वक्र पालथा झाला आणि विस्तार य ≤ −३ आला, ते तिने वहीत खोडलं नाही, बाजूला लिहून ठेवलं. शेवटी क्ष² ÷ १०० − ३. आलेख कागदावर तो जवळजवळ आडवी रेघच दिसतो, क्ष = १० ला उंची फक्त −२ होते. "हे वर जाईन का पण शंभरपर्यंत?" असं तिनेच विचारलं आणि तिनेच मांडलं: क्ष² = १०३००, क्ष साधारण १०१.५. जातो.

पुढे तिला अशी राशी हवी आहे की जिचा विस्तार नेमका −३ ते ३ येईल, प्रांतावर काहीही बंधन न घालता. वर्गराशीने ते होणार नाही. का होणार नाही ते तिला श्रीधरांच्या ओळीवरून शोधायला सांगितलं आहे.